टेपीची पानं

मित्रांनो, मी एक जुनी बंगाली कादंबरी आहे. फाळणीनंतर पूर्व बंगालातल्या बारिसालहून कोलकात्याला आलेल्या कनकप्रभा सरखेल यांनी मला लिहिलं. बिजयगडच्या निर्वासित वसाहतीत त्यांचं घर होतं. स्वयंपाक उरकला की त्या चुलीपाशीच पाटावर बसून लिहीत. एका लहानशा छापखान्यात शिशाचे खिळे जुळवून माझ्या प्रती निघाल्या.

माझ्यात एका कुटुंबाची गोष्ट आहे. गाव पेटलेलं असतं. माणसं घाईघाईनं होडीत बसून निघतात आणि त्या गडबडीत टेपी नावाची छोटी मुलगी नदीच्या घाटावरच राहते. होडी दूर जाते. भरतीचं पाणी एकेक पायरी चढत येतं. टेपी हाका मारत राहते आणि तिथेच मी संपते. ती मुलगी खरी होती का, हे वसाहतीतल्या बायका कनकप्रभांना विचारत. त्या उठून चुलीकडे वळत.

वसाहतीत तेव्हा मला मोठा मान होता. दुपारी बायका जमत, एकजण मोठ्यानं वाची, आणि टेपीच्या पानांशी आलं की वाचणारी मला शेजारणीच्या हाती देई. पुढे नवी पुस्तकं आली. छापखाना बंद पडला, उरलेल्या प्रती रद्दीत गेल्या. माझ्या काही बहिणींचे चणेवाल्यानं पुडे केले, काहींना वाळवीनं खाल्लं. कनकप्रभांच्या पलंगाशेजारच्या फळीवर मी एकटी उरले. तेव्हापासून मला भीती वाटू लागली. पावसात भिंतीला ओल आली की मी अंग चोरून घेई. फळीत किडा कुरतडताना ऐकू आला, की आता आपली पाळी असं वाटे.

अशात ब्रतती आली. ती कॉलेजात इंग्रजी शिकवायची. आईच्या तोंडून तिनं लहानपणी मला ऐकलं होतं आणि आता तिला मला इंग्रजीत न्यायचं होतं. आमच्याकडे तेव्हा छायाप्रतीची यंत्रं आलेली नव्हती, आणि मला घराबाहेर न्यायला ती धजत नव्हती. म्हणून रोज दुपारी तीच येई, कनकप्रभांशेजारी बसे आणि बारिसालच्या बोलीतले शब्द विचारून घेई.

"काकिमा, हे 'पानी टानतेसे' म्हणजे पाणी ओढतंय, असंच ना?"

"ओढतंय कसलं? बोलावतंय. नदीकाठी कधी राहिली आहेस का तू?"

"इथे कोलकात्यातच, गरियाहाटला राहते मी. आमच्याकडे फक्त नळ बोलावतो, तोही सकाळी."

कनकप्रभा हसत. सुरुवातीला मला ब्रततीचीही धास्ती वाटे. ही मला रिकामी करून नेईल आणि माझी टरफलं इथे ठेवील, असं वाटे. पण ती एकेका शब्दापाशी इतकी खोळंबून राही की माझी भीती हळूहळू कमी झाली.

मग एक वेगळीच भीती सुरू झाली. एके दिवशी कनकप्रभांनी मला उलटसुलट करून पाहिलं आणि विचारलं, "हे कोणी लिहिलंय गं?"

ब्रततीला आधी थट्टा वाटली. "तुम्हीच, काकिमा."

"मी कशाला असलं लिहीन?"

त्यांची आठवण विझत चालली होती. अक्षरं मात्र वाचता येत होती. त्या मला नव्यानं वाचू लागल्या आणि प्रत्येक गोष्ट आत्ताच घडते आहे असं त्यांना वाटू लागलं. गाव पेटलं की त्या खिडकी लावून घेत. माझी पानं त्या मुठीत आवळून धरत. ज्या हातांनी मला जन्म दिला, त्याच हातांची मला भीती वाटू लागली. ब्रततीच्या भाषांतराचं शेवटचं प्रकरण तेवढं राहिलं होतं.

एका दुपारी वाचता वाचता कनकप्रभा घाटापर्यंत पोचल्या. त्या उठून उभ्या राहिल्या. "अरे, पोर राहिली. होडी फिरवा." कोणीच होडी फिरवली नाही. तेव्हा त्यांनी माझी शेवटची पानं मुठीत धरली आणि ओढली. मित्रांनो, पुस्तकाला ओरडता येत नाही.

ब्रतती आली, तिनं मला उघडलं आणि फाटलेल्या कडेवरून बोट फिरवलं.

"काकिमा, पानं कुठे आहेत?"

"तिला मी घरात घेतलं," कनकप्रभा रागानं म्हणाल्या. "पाणी गळ्याशी आलं होतं. तुम्ही सगळे नुसते वाचत बसलात."

त्यांची देखभाल करणाऱ्या बीणानं पानं शोधून काढली. तांदळाच्या डब्यात, अगदी तळाशी. घरातली सगळ्यात कोरडी जागा तीच होती. ब्रततीनं स्वयंपाकघरात बसून त्यांवरून इंग्रजी लिहून काढलं. मग खळ आणून पानं मला पुन्हा चिकटवायला घेतली. बीणानं तिचा हात धरला.

"नको, दीदी. पुन्हा वाचतील, पुन्हा तसंच होईल. आता त्या रोज डब्यात हात घालून बघतात आणि शांत झोपतात."

ब्रततीनं खळीची वाटी बाजूला सारली. मग तिनं पानं तांदळात परत ठेवली. म्हणाली, "राहू दे. नंतर चिकटवीन."

पुढच्या थंडीत कनकप्रभा गेल्या. त्यांना केवडातल्याच्या स्मशानघाटावर अग्नी देऊन परत आल्यावर ब्रततीनं डबा उघडला. आत नुसते तांदूळ होते.

बीणाला वाचता येत नव्हतं. ती खालमानेनं म्हणाली, "मी ती पानं त्यांच्या पदरात बांधून दिली, दीदी. मला वाटलं, पोरीला परत एकटी कशाला ठेवायची?"

ब्रततीनं डब्याचं झाकण लावलं. तिनं बीणाच्या पाठीवर हात ठेवला आणि दोघी रडल्या.

इंग्रजी पुस्तक निघालं. त्याचं नाव झालं. मग लोक मूळ बंगाली कादंबरी मागू लागले, आणि तिला शेवट नव्हता. ब्रततीला आपलंच इंग्रजी समोर ठेवून टेपीच्या हाका पुन्हा बंगालीत आणाव्या लागल्या. तिनं त्या स्वच्छ कागदावर लिहिल्या आणि मला चिकटवल्या. पानं सुबक आहेत. पण त्यांतली टेपी कोलकात्याच्या मुलीसारखी बोलते. बारिसालच्या बोलीत ती काय म्हणाली होती, ते सांगायला आता कोणी नाही.

म्हणून, मित्रांनो, तुमच्या घरात एखादं एकटं पुस्तक असेल तर आजच ते वहीत उतरवून घ्या. त्यातले शब्द ज्यांना कळतात, त्यांच्याजवळ आजच जाऊन बसा. 'नंतर' या शब्दाची मला वाळवीपेक्षाही जास्त भीती वाटते.