वर जाणारे बाण

नकाशे काढणारी बाई म्हटली की लोकांना वाटते, ती टेबलाशी बसून पट्टी-पेन्सिल चालवत असेल. दादाची बहीण नकाशे काढायची ती पायांनी. कार्यालयात तिला टेबल होते, खुर्ची होती, हवेशीर खिडकीही होती. पण त्या खुर्चीवर बहुधा तिची पर्सच बसलेली असे आणि बाईसाहेब बंदराच्या गल्लीबोळांत. भूकंप झाला आणि त्सुनामी आलीच, तर कोणत्या घरातल्या माणसाने कोणत्या रस्त्याने उंचावर जायचे, हे ठरवणे तिचे काम. जिथे वळायचे तिथल्या भिंतीवर ती निळा बाण रंगवून घेई. त्यामुळे सगळे गाव तिला बाणवाली म्हणू लागले. आणि तिचा थोरला भाऊ, चढावरच्या रस्त्यावर ज्याचे केस कापायचे दुकान होते तो, आपोआप बाणवालीचा दादा झाला.

दादाला बहिणीचा अभिमान नव्हता असे नाही, पण तो कबूल करायला जीभ रेटत नसे. "आमच्या वेडीला भिंती खराब करायचा पगार मिळतो," असे तो गिऱ्हाइकांना सांगे. मात्र तेच दुसऱ्या कोणी म्हटले, की त्याचा वस्तरा गालापाशीच थांबायचा आणि गिऱ्हाईक निमूटपणे शब्द मागे घ्यायचे. लग्नाचे त्याचे राहूनच गेले होते. धक्क्याजवळच्या खालच्या गल्लीत तो आणि आई, असे दोघे राहत. बहीण लग्न होऊन टेकडीपलीकडे गेली होती, पण दिवसातून एकदा तरी आईच्या हातचा चहा प्यायला उगवायचीच.

एका सकाळी ती आली आणि चहासुद्धा न मागता म्हणाली, "आई, चपला घाल. मला गावातली सगळ्यात हळू चालणारी बाई पाहिजे."

"आणि तुला मीच सापडले?"

"तुझ्यापेक्षा हळू फक्त धक्क्यावरचा खांब आहे. तो यायला तयार नाही."

आईचा गुडघा गेली कित्येक वर्षे संपावर होता. आधी तिने गाल फुगवले. पण आपल्या चालीवरून रस्ते ठरणार आहेत हे कळल्यावर तिने ठेवणीतली साडी काढली आणि शेजारणीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "सरकारी काम आहे, थांबता यायचं नाही." 

थांबता यायचे नाही म्हणणारी आई मग प्रत्येक दारात थांबली. कोणाच्या सुनेची चौकशी केली, कोणाच्या मांजरीची केली. बाणवाली घड्याळ घेऊन मागे उभी राहायची, पण घाई कर असे एकदाही म्हणाली नाही. दादा वैतागला. दुकान उघडायचे सोडून तोही गंमत बघायला बरोबर आला होता. "अगं, समुद्र मागे लागल्यावर ही मांजरीची चौकशी करणार आहे का?"

"करेल," बहीण म्हणाली. "घाबरलेली माणसंही दारात थांबतात, दादा. तू निघालीस का, तुझा मुलगा कुठे आहे, असं विचारत बसतात. तेवढा वेळ धरायलाच हवा."

"दुसरे लोक धडधाकट माणसाची चाल धरतात म्हणे."

"धडधाकट माणूस माझ्या नकाशाशिवायही वाचतो."

 

भूकंपानंतर हातात जेमतेम वीस मिनिटे असतील, असे शास्त्रज्ञांनी त्या किनाऱ्यासाठी सांगितले होते. ती संपली तेव्हा आई वाण्याच्या दुकानासमोर उभी होती आणि टेकडीचा पायथा दूर, वळणापलीकडे होता. बाणवालीने घड्याळ बंद केले. तिचा चेहरा उतरला होता.

"काय गं, नापास झाले का मी?" आईने विचारले.

"तू नाही. रस्ता नापास झाला."

संध्याकाळी स्वयंपाकघरात तिघे बसले होते. दादाने विषय एका दमात मिटवून टाकला. "मी आहे की! दुकान टाकून धावत येईन, आईला पाठीवर घेईन आणि वर नेईन. उगाच डोकं कशाला पिकवायचं?"

"तू खाली यायचं नाहीस."

"म्हणजे?"

"तुझं दुकान चढावर आहे. तिथून तुझा रस्ता टेकडीवर जातो. माझ्या नकाशात खाली येणारा बाण नाही, दादा. एकही नाही." ती बोलत होती शांतपणे, पण हातातला कप तिने घट्ट धरला होता. "आजोबांच्या लहानपणी समुद्र आत आला होता ना? गेलेल्यांतली कितीतरी माणसं आधी टेकडीवर पोचली होती. कोणाची आई राहिली म्हणून, कोणाचं पोर राहिलं म्हणून परत खाली गेली. अजून जे ऐकलेलं सांगणारे आहेत, त्या सगळ्यांना मी भेटून आले आहे."

"मग काय, आईला सोडून द्यायचं?" दादाचा आवाज चढला.

"आईनं स्वतः वर जायचं. तिला जमेल असा रस्ता शोधणं माझं काम. आणि तिला घ्यायला न येणं हे तुझं काम."

"हो, हो," दादा म्हणाला. ते हो, हो कसले होते हे त्या घरात सगळ्यांना माहीत होते.

त्यानंतर बाणवालीने जे केले ते सांगताना आजही दादाची छाती फुगते. खालच्या गल्लीच्या मागे बर्फाचा कारखाना होता. इमारत कुरूप, पण उंच आणि जाडजूड खांबांची. बाहेरून गच्चीवर जाणारा लोखंडी जिना होता आणि त्याच्या फाटकाला कायम कुलूप. ती मालकाच्या इतकी मागे लागली, की शेवटी त्याने कुलूपच तिच्या हातात ठेवले आणि हात जोडले. मग इंजिनिअर साहेबांकडून खांब तपासून घेतले. लाट किती उंच येऊ शकते याचे गणित पुन्हा पुन्हा करून जिन्यावर वरच्या टप्प्याच्या जरा खाली निळी रेघ मारली. त्या रेघेच्या वर गेला तो वाचला. मग तिने दोन्ही बाजूंना हाताच्या उंचीचे कठडे मागितले. साहेबांनी ते दिले. मधल्या टप्प्यावर एक बाक मागितला, तेव्हा साहेब हसले.

"मॅडम, जीव घेऊन पळणारी माणसं बाकावर बसत नाहीत."

"पळणारी नाही बसत. माझी आई पळत नाही, साहेब."

तरी साहेब ऐकेनात. तेव्हा तिने त्यांच्या गुडघ्यामागे लाकडी पट्टी ठेवून वर करकचून बँडेज गुंडाळले, हातात आईची भरलेली पिशवी दिली आणि म्हणाली, "चढा." साहेब माणूस दिलदार, चढले. मधल्या टप्प्यावर मात्र घामाघूम होऊन पायरीवरच बसले. "दोन बाक लावा," ते धापा टाकत म्हणाले. "एक माझा."

बाक भिंतीला लागून बसला, वाट मोकळी ठेवून. आईने घरून कारखान्यापर्यंत आणि जिन्यावरून गच्चीपर्यंत किती फेऱ्या मारल्या, याचा हिशोब कोणी ठेवला नाही. दादाने त्यातली एकही पाहिली नाही. आईला तो जिना जमणार नाही, हे त्याने मनाशी पक्के करून टाकले होते. वेळ आलीच, तर आपले पाय आणि आपली पाठ. बहिणीच्या हुशारीबद्दल शंका नव्हती, पण आई कागदावरची रेघ आहे का?

मग सरावाचा आठवडा जाहीर झाला. दिवस गुपित होता. पहिला भोंगा झाला की निघायचे, दुसरा झाला की जागच्या जागी थांबायचे. तेव्हा जो निळ्या रेघेच्या खाली, तो बुडाला असे धरायचे.

पहिला भोंगा झाला तेव्हा दादाच्या खुर्चीत मास्तर बसले होते. या मास्तरांनी दादाला शाळेत शिकवले होते आणि जमेल तेव्हा बदडलेही होते. त्यांचा एक गाल झाला होता, दुसऱ्यावर फेस होता. सराव आहे हे दादाला पुरते माहीत होते. तरी भोंग्याच्या त्या आवाजाने त्याच्या डोळ्यांसमोर एकच गोष्ट उभी राहिली: आई, एकटी, त्या जिन्यावर. त्याने वस्तरा ठेवला आणि उताराला लागला.

"अरे गाढवा, तुझा बाण वर आहे!" मास्तर ओरडले. मग स्वतः फेसासकट गळ्यात टॉवेल घेऊन, सांगितल्याप्रमाणे टेकडीकडे चालू लागले.

उतारावर सगळे गाव समोरून येत होते. अरुंद बोळात दादा आडवा आला, तशी तान्हे बाळ घेतलेली एक बाई भिंतीला चिकटून उभी राहिली. तिच्या मागची सगळी रांग अडली. "कुठं मरायला चाललास?" कोणीतरी खेकसले. त्याच्या कानांत काही शिरत नव्हते. तो घरी पोचला. दार उघडे होते. चहाचा कप अर्धा होता. आई नव्हती.

त्याने हाका मारल्या. मागच्या अंगणात पाहिले, शेजारणीच्या घरात पाहिले, धक्क्याच्या तोंडापर्यंत जाऊन आला. ती कुठेतरी पडली असेल, याशिवाय दुसरा विचारच मनात येईना. बर्फाच्या कारखान्याकडे मान वर करून बघावे, हेही त्याला सुचले नाही. तेवढ्यात दुसरा भोंगा झाला. रिकाम्या गल्लीच्या मधोमध दादा उभा होता, आणि त्याच्या सोबतीला फक्त एक कुत्रे.

थोड्या वेळाने सगळे कारखान्याच्या आवारात जमले. टेकडीवरची माणसेही उतरून आली, अर्ध्या दाढीचे मास्तरही. आई कठड्याला धरून उभी होती, धडधाकट. तिला बघून दादाच्या जिवात जीव आला. बाणवालीने हातात कर्णा घेतला. तिचा आवाज थोडा बसला होता.

"आपल्या बंदरातली सगळी माणसं वर पोचली," ती म्हणाली, आणि टाळ्या सुरू व्हायच्या आत पुढे म्हणाली, "दोन सोडून."

सगळ्यांच्या नजरा दादाकडे वळल्या. हशा पिकला. मास्तर म्हणाले, "शाळेतही हाच नापास व्हायचा." दादाचे कान तापले. निदान वाटेकरी तरी मिळाला म्हणून त्याने मोठ्याने विचारले, "मी एक. दुसरा शहाणा कोण?"

 बहिणीने कर्णा खाली केला.

"मी," आई म्हणाली.

हशा थांबला.

"तू कशी? तू तर वर..."

"मी सगळ्यांच्या आधी वर होते. बाकावर बसलेसुद्धा नाही." आईला तेही सांगायचे होतेच. "वर गेल्यावर टेकडीकडे बघत उभी राहिले. म्हटलं, आता आमचा मुलगा दिसेल. मास्तर दिसले, पांढऱ्या तोंडाचे. तू दिसला नाहीस. मग खाली गल्लीत तुझं डोकं दिसलं. मला हाका मारत फिरत होतास. मी वरून ओरडले, पण एवढ्या उंचावरून तुला ऐकू जाईना. मग मी उतरायला लागले. दुसरा भोंगा झाला तेव्हा रेघेच्या पार खाली आले होते."

दादाने बहिणीकडे पाहिले. "तू तिथंच होतीस ना? मग अडवलं का नाहीस?"

"सरावात अडवायचं नसतं. माणसं काय करतात ते बघायचं असतं." बाणवाली एवढे बोलली आणि तिचे डोळे भरून आले. सगळ्या गावासमोर, ज्या गावाने तिला कधी रडताना पाहिले नव्हते. "मी वर उभी राहून बघत होते, दादा. आई माझ्यासमोरून खाली गेली. तिच्या मागं धावायचं नाही म्हणून कठडा धरून ठेवला होता मी. सराव होता म्हणून धरवला. खरं असतं तर नसता धरवला मला."

गावाने त्या दिवशी फार गलका केला नाही. माणसे दोघे-तिघे करून निघाली. कित्येकांनी जाता जाता बाणवालीच्या खांद्यावर हात ठेवला. दादा दूर उभा राहून ते पाहत होता. ही पोरगी सगळ्या गावाचा जीव एवढ्याशा खांद्यांवर घेऊन गल्ल्यांतून फिरते आणि आपण तिला वेडी म्हणत दुकान चालवतो, याची त्याला मनापासून लाज वाटली. आणि आपली म्हातारी संपावरचा गुडघा घेऊन सगळ्या गावाआधी वर जाऊन उभी राहिली होती. तिला वाचवायला आपण निघालो होतो!

घराकडे तिघे आईच्या चालीने निघाले. वाटेत आई कोणाच्या दारात थांबली नाही. तिला दादाकडून काहीतरी ऐकायचे होते, आणि ते मागून घ्यायचे नव्हते. 

 ते वाक्य साधेच होते, पण कोणत्याही मुलाने आईला म्हणू नये असे. घराच्या दारात त्याने आईचा हात धरला.

"आई," तो म्हणाला, "मी तुला घ्यायला येणार नाही."

आईने त्याच्या डोक्यावरून हात फिरवला. "आता मला नीट चढता येईल," ती म्हणाली.