धावपट्टीवरची मेढ

विमान डोक्यावरनं जाताना सगळ्यांनीच पाहिलंय. अंगावर येताना कुणी पाहिलंय का? मी पाहिलंय. तेव्हापासनं आभाळात घरघर झाली की माझा उजवा पाय आपोआप जोडा चाचपायला लागतो. त्या पायाचं पुढं येईलच.

गोवा सुटला त्याच्या नंतरचा उन्हाळा. सुगी उरकलेली, हाताला काम नाही. उमरग्याकडचा हणमंतप्पा मुकादम आमच्या बेंबळीला आला आणि आमची टोळी घेऊन थेट समुद्राकाठी गेला. तिथं एका पठारावर फिरंग्यांनी बांधलेला विमानतळ होता. लढाईत धावपट्टीला खड्डे पडले होते, ते मुरूम घालून बुजवायचे होते.

"एकदा हे झालं की इलायतेची माणसं येणार बघा हिथं," हणमंतप्पा सांगायचा. "समुद्रात डुंबायला."

"का? त्यांच्या गावात इहिरी न्हाइत?" लिंबाजीकाकांनी विचारलं.

हे लिंबाजीकाका म्हणजे मळणीचं खळं करण्यात पंचक्रोशीत पहिले. मुरूम पसरायचा, पाणी मारायचं, तुडवून तुडवून शेणानं सारवायचं. त्यांच्या खळ्यावर जोंधळ्याचा दाणा पडला तर टणकन उडून शेजारच्या रुईभरच्या शिवारात जायचा. मी स्वतः एकदा आणायला गेलोय. धावपट्टीचे खड्डेही त्यांनी तसेच बुजवले. रोलर फिरवणारा म्हणाला, आता मी फिरून करू काय?

सगळ्यात शेवटचा खड्डा पट्टीच्या ऐन मधे होता. तोही झाला. डांबर मागनं पडायचं होतं, पण एक लहानसं विमान उतरवून बघायचं ठरलं. आमचा इंजिनेर साहेब म्हणजे पोरगेलासा माणूस. बायको बाळंतपणाला माहेरी गेलेली. त्याच विमानातनं ती येणार होती, तान्ही लेक घेऊन. साहेबानं लेकीचं तोंड अजून पाहिलेलं नव्हतं. सकाळपासनं तो पट्टीच्या पल्याडच्या टोकाला फुलांचा हार घेऊन उभा होता, आणि हार त्याच्या हातात घामानं कोमेजत होता.

आम्ही अल्याड, काजूच्या झाडाखाली. लांबनं घरघर ऐकू आली. समुद्रावर माशीएवढा ठिपका दिसला. सगळे उठून उभे राहिले. तेवढ्यात माझी नजर काकांच्या हाताकडं गेली. कोपरापर्यंत हळद.

"काका, हळद कशाची ओ?"

"मेढीची पूजा केली की सकाळच्या पारी."

"कुठली मेढ?"

"खळ्याची. आणिक कुठली?" त्यांनी बोट केलं.

पट्टीच्या मधोमध, शेवटच्या खड्ड्यावर, कमरेएवढा बाभळीचा खांब उभा होता. हळदकुंकू लावलेला. मळणीला बैल ज्याला बांधून गोल फिरवतात तो खांब.  

"काका, तिथं विमान उतरणार हाय!"

"मंग? उतरल्यावर त्याला बांधशील कशाला, तुझ्या तंगडीला? बिगर मेढीचं खळं उघडं पडतंय, हैदर."

मी पळत सुटलो. मागं काका, काकांच्या मागं त्यांच्या घरच्या तुळजाबाई, त्यांच्या मागं "अय्यय्यो, अय्यय्यो" करत हणमंतप्पा. साहेबाकडं लाल बावटा होता, पण साहेब पार त्या टोकाला. मी डोक्याचा पटका सोडून हलवला. विमानवाल्यानं ते बघितलं आणि खुशीत पंख डुलवून सलाम केला.  हणमंतप्पा तिथंच बसला तो उठलाच नाही.

मी मेढीला मिठी मारली. हलेना. काकांनी बुडाला दगड ठासलेले, रेडा बांधला असता तरी हलली नसती. तेवढ्यात काका आले आणि त्यांनी मलाच मागं ओढलं.

"सोड! दाण्याची रास मापून उचलल्याबिगर मेढ काढीत न्हाइत! घरातलं तान्हं दगावतं!"

"काका, तान्हं त्या विमानातच हाय! साहेबाची लेक!"

"म्हणूनच सोड म्हणतोय! त्या लेकराचं पाप मी घिऊ?"

आता करा काय करायचं ते. त्या लेकरासाठीच मी मेढ ओढत होतो आणि त्या लेकरासाठीच काका मला. दोघांच्या डोळ्यांत पाणी. विमान आता घारीएवढं झालं होतं आणि नाक आमच्याकडंच.

तुळजाबाई धापा टाकत आल्या. "अवो, मंग करा की रास! पूजंच्या लाह्या हाइत माझ्या ओच्यात!"

काकांचं तोंड एकदम उजळलं. त्यांनी मेढीच्या बुडाला लाह्या ओतल्या, ढीग नीट गोल केला, उगवतीकडं तोंड करून मांडी घातली आणि ओठांवर बोट ठेवलं. रास मापताना बोलायचं नसतं. मापणाऱ्यानं तेवढा आकडा म्हणायचा.

मंडळी, भीती वाटली की माणूस ओरडतो, तेवढं तरी सुख असतं. मला तेही नव्हतं. विमान बैलगाडीएवढं झालं. काकांनी ओंजळ भरली, पाटीत नव्हे, माझ्या पटक्यात रिकामी केली.

"लाभ."

पहिल्या मापाला एक म्हणत नाहीत, लाभ म्हणतात, हे मला ठाऊक होतं. पण इतक्या सावकाश म्हणतात हे ठाऊक नव्हतं. पुढची पंख्याची पाती गरगरताना दिसायला लागली. माझे दात वाजत होते. काकांनी रागानं बघितलं, तर मी पटक्याचं टोक तोंडात कोंबलं.

"दोन."

काचेमागं विमानवाल्याचं तोंड दिसलं. त्यालाही आता मेढ दिसली असावी, कारण त्याचं तोंड उघडं होतं. पण चाकं जमिनीला लागायला आली होती, वर उठायला जागा नव्हती.

काकांनी उरलेल्या लाह्या शेवटच्या दाण्यापर्यंत वेचल्या, ओंजळ कपाळाला लावली. "तीन. उचलली रास! वढ आता!"

आम्ही तिघांनी मेढ धरली. कशी निघाली, विचारू नका. माझ्या खांद्यात काहीतरी कट्कन वाजलं, बुडाचे दगड उडाले आणि मेढ घेऊन आम्ही मागं कोलमडलो. बघतो तर काय, खाली भोक! चाक त्यात गेलं की विमान कोलांटी खाणार. काकांनी दगड परत लोटले, तरी वर वीतभर जागा रिकामीच. मी उजव्या पायातला जोडा काढला, नळदुर्गच्या बाजारातला, दुहेरी तळाचा, आणि भोकात कोंबून टाच मारली.

मग पालथा पडलो. आवाज कानात नव्हता, हाडात होता. चाक माझ्या बोटांपासून टीचभर अंतरावरनं गेलं. जोड्यावर चढलं, किंचित उडालं आणि पुढं गेलं. वाऱ्यानं पटका उडाला, लाह्याही उडाल्या.

विमान थांबलं. दार उघडलं. साहेबाची बायको लेकीला छातीशी धरून उतरली, आणि आभाळातनं त्या दोघींवर लाह्या पडायला लागल्या. साहेबाला वाटलं, आमच्या टोळीनं स्वागत केलं. हार विसरून त्यानं लेक घेतली आणि रडायलाच लागला. हणमंतप्पा लांबनं हात जोडून बसला होता, कुणाला ते त्यालाच माहीत.

"हैदर, तुझा एक जोडा कुठं गेला?" साहेबानं नंतर विचारलं.

"विमानाला दिला, साहेब."

"आणि इतका थरथरतोस काय?"

"समुद्राचं वारं बाधलंय त्येला," काका मेढ खांद्यावर टाकत म्हणाले.

संध्याकाळी मी जोडा काढायला गेलो, तर काकांनी हात धरला. "ऱ्हाऊ दे. बसलाय चांगला." पुढं त्याच्यावर डांबर पडलं. आता इलायतेची माणसं तिथं डुंबायला उतरतात, पट्टीच्या मधोमध त्यांना एक बारकासा हिसका बसतो, आणि ती एकमेकांकडं बघून हसतात.

खोटं वाटत असेल तर बेंबळीला या. डावा जोडा घरी आहे.