राब सोडल्याची फिल्म

माहितीपट हा सत्याचा आरसा असतो, असं दामोदर पोंक्षे नेहमी म्हणत. ते माहितीपटांचं निवेदन लिहीत, आणि हा आरसा मुंबईच्या कचेरीत बसून घासत. आधी निवेदन लिहायचं, मग ते नामवंत आवाजात मुद्रित करायचं आणि शेवटी त्याला शोभेल अशी चित्रं आणायला कॅमेरा गावी धाडायचा, अशी तिथली रीत होती. लेखकाला मात्र गाव दाखवत नसत. पाहिलेल्या गावाबद्दल खणखणीत लिहिता येत नाही, असा खात्याचा अनुभव होता.

सत्तावन्न साली पोंक्ष्यांनी सुधारित भातशेतीवर लिहिलं, 'कान्ह्याच्या सखाराम शेलारांनी राब कायमचा सोडला आहे!' राब म्हणजे रोपं टाकायची जागा पालापाचोळा, गोवऱ्या पसरून भाजणं. सखारामचं नाव तालुक्याहून मागवलं होतं. सोडल्याचं मागवलं नव्हतं.

पुढच्या उन्हाळ्यात फिल्म कान्हे गावातच दाखवायचं ठरलं. खात्याचे प्रमुख रेगेसाहेब स्वतः निघाले. "लोक काय म्हणतात ते पाहू," ते म्हणाले, "मग तुम्हाला कायम करायचं बघू." लग्नाच्या आधीपासून हंगामी असलेले पोंक्षे गाडीत बसले.

देवळाच्या भिंतीला पडदा लागत होता, तेव्हा त्यांनी सखारामला बाजूला घेतलं. "शेलार, फिल्ममध्ये तुम्ही राब सोडलाय असं आलंय."

"म्या? आवो, परवाच रानातनं पाला तोडून आनलाय."

"तेवढं हसू नका म्हणजे झालं."

"म्या न्हाई हसायचो. पन आक्खं गाव फिदीफिदी हसंल, त्येला काय करू?"

अंधार पडला, फिल्म लागली. पोंक्षे रेगेसाहेबांच्या शेजारी अंग चोरून बसले. पडद्यावर भाताच्या खाचरात चिखलणी सुरू झाली. नामवंत आवाज म्हणाला, "कान्ह्याच्या सखाराम..." आणि बायकांतून किंकाळी आली.

"पाखऱ्या! आरं, माझा पाखऱ्या!"

सखारामची म्हातारी, धोंडाबाई, उठून उभी होती. तिचा पाखऱ्या बैल दिवाळीत गेला होता. आता तो पडद्यावर, गुडघाभर चिखलात, शेपटी हलवत चालला होता.

"व्हय की गं मावशी, त्योच!"

"शिंग बघ, त्येच मोडकं!"

"आरं नथू, बस की खाली, बैल दिसंना!"

निवेदनाचं पुढचं अक्षरही कोणाला ऐकू गेलं नाही. फिल्म संपली तशी लोकांनी "परत लावा" म्हणून गलका केला. परत लावली. या खेपेला धोंडाबाई पडद्यापाशी गेली आणि बैलाच्या पाठीवरून हात फिरवू लागली. पुन्हा तोच गलका.

रेगेसाहेबांनी चष्मा पुसला. "पोंक्षे, काय लिहिलंय हो तुम्ही! नुसत्या शब्दांनी माणसं उठून उभी राहिली."

"तसं काही नाही साहेब," पोंक्षे म्हणाले. ही त्या दिवसातली त्यांची एकमेव खरी ओळ. साहेबांनी ती विनयात जमा केली.

पोंक्ष्यांच्या पलीकडे बसलेला सखाराम पुटपुटला, "आमी हसलो न्हाई बरं का."

आठवड्याभरात एका सकाळी पोंक्षे कायम झाले. त्याच सकाळी सखारामने राब भाजला.