लाल बियाण्याची राखण

माझ्या काठाची एक बाजू दुसऱ्या बाजूपेक्षा गव्हाच्या एका दाण्याइतकी खाली आहे. आडव्या दाण्याइतकी, उभ्या नव्हे. पन्नास वर्षे माझ्या तोंडावरून सपाट पट्टी एकाच दिशेने ओढली गेली. जिथे ती थांबायची, ती बाजू झिजली. हे डोळ्यांना दिसत नाही, बोट फिरवले की कळते.

मित्रांनो, मी एक जुनी पायली आहे. धान्य मोजण्याचे लाकडी माप. एका सुताराने मला एकाच ओंडक्यातून कोरले आणि लोहाराने माझ्या पोटाला कडे घातले. कडे बसवताना लोहार म्हणाला होता, "हिच्यापेक्षा सरळ माणूस गावात नाही." सुतार म्हणाला, "गावात नाही म्हणूनच हिला बनवली ना!"

ते खरेच होते. रानातले गवत दाणे पिकताच वाऱ्यावर सोडून देते. फार जुन्या काळी कोणीतरी दाणे घट्ट धरून ठेवणाऱ्या ओंब्या निवडल्या आणि त्याच पुन्हा पेरल्या. तेव्हापासून त्या गवताला माणसाशिवाय पेरून घेता येईना, आणि माणसाला त्या गवताशिवाय जगता येईना. धान्य साठले तशी भिंत आली. भिंतीला दार आले, दाराला राखणदार आला आणि राखणदारावर संशय आला. त्या संशयातून माझा जन्म झाला. पण नीट पाहिले तर या सगळ्याच्या मुळाशी एकच अवघड गोष्ट आहे. भूक लागलेली असताना समोरच्या धान्यातला काही भाग खायचा नाही. पुढच्या वर्षासाठी बियाणे म्हणून तो तसाच ठेवायचा.

गावाच्या बियाण्याच्या कोठारात मी पन्नास वर्षे मानाने राहिले. ऐंशी घरांचे बियाणे एकाच ठिकाणी ठेवायचे आणि पेरणीला वाटून घ्यायचे, अशी इथली पद्धत. वाटपाच्या दिवशी म्हातारी माणसेसुद्धा मला ओलांडून जात नसत. मग लोखंडी वजनकाटा आला. मी कोपऱ्यात गेले. माझ्यात कोळ्याने घर केले. एकदा तर कोणीतरी मला पालथी घालून माझ्यावर बसून चहा प्यायला. असो. पायलीला पन्नास दाखले देता येतील अपमानाचे.

मग एके दिवशी कोठारवाल्या बाबांनी मला उचलले, झटकले आणि माझ्यात गेरू कालवला. गेरू म्हणजे साधी लाल माती.

त्यामागे एक आठवण होती. बाबा तरुण असताना गावाने एका दुष्काळात बियाणे खाऊन टाकले होते. ते वर्ष निघाले, पण पेरायला काही उरले नाही. पुढच्या वर्षी निम्मे गाव उठून गेले आणि परत आले नाही. त्यानंतर काही वर्षे बियाण्याला कीड लागू नये म्हणून सरकारी बीजकेंद्रातून लाल विषारी औषध यायचे. लाल दाणा खायचा नाही, हे गावातल्या रांगत्या पोरालाही ठाऊक झाले. पुढे औषध येणे थांबले. धाक मात्र राहिला होता. बाबांनी तो धाक वाया जाऊ दिला नाही. दरवर्षी दार लावून ते बियाण्यावर गेरूचे पाणी शिंपडत, सावलीत वाळवत आणि पोती शिवत. बाहेर सगळे म्हणत, विष लावलेय.

बाबांनंतर त्यांची मुलगी कोठार पाहू लागली. गाव तिला कोठीबाई म्हणते. कमी बोलणारी, नेमकी बाई. गेरू तीही लावत राहिली. हे तिला ठाऊक होते, आणि मला.

मित्रांनो, आता ज्या वर्षाची गोष्ट सांगायची आहे, त्याच्या आधी दोन वर्षे पाऊस नीट झाला नव्हता. घराघरातली कणगी तळाला लागली होती. त्यातच नदीवरचा पूल पडला. कोठीबाईचा भाऊ आणि आणखी दहा जण डोंगरावरून लांबच्या वाटेने धान्य आणायला गेले. ते वीस दिवसांनी येणार होते. पेरणीला दीड महिना होता. कोठारात चाळीस पोती लाल गहू होता.

त्या चाळीसांत एक चूक दडलेली होती. आदल्या वर्षी काही पोत्यांना ओल लागली होती, म्हणून कोठीबाईने बीजकेंद्रातून सहा पोती मागवली. त्या सहांना खरे औषध लावलेले होते. रंग जवळजवळ तोच. तिने ती मागच्या भिंतीला, इतर पोत्यांसारखीच रचली आणि त्यांच्यावर खूण केली नाही. खूण केली असती तर कोणीतरी विचारलेच असते, की विष तर सगळ्यांनाच आहे, मग या सहांचे वेगळे काय? चौतीस पोत्यांचे खोटे सांभाळण्यासाठी तिने सहा पोत्यांचे खरे झाकले होते.

दळायला धान्य नसल्याने गिरणी बंद होऊन महिना झाला होता. एका सकाळी गिरणीवाला कोठाराच्या पायरीवर येऊन बसला. पूल पडला त्या गडबडीत त्याने उंदरांसाठी म्हणून पायलीभर लाल गहू मागून नेला होता. नाही म्हटले तर संशय येईल, म्हणून कोठीबाईने पुढच्या रांगेतला काढून दिला होता.

"बाई, तुमचं विष खाऊन माझे उंदीर जावयासारखे पोसलेत," तो म्हणाला. "आता मांजर दिसलं तर तेच त्याच्या अंगावर जातात."

"लगेच मरत नाहीत ते."

"अकरा दिवस झाले. आणखी किती थांबायचं? बारशाचं आमंत्रण येईपर्यंत?"

कोठीबाई हसली नाही. तिने पोत्याची सुतळी उगाच घट्ट केली.

"माझं म्हणणं ऐका," त्याने आवाज खाली आणला. "विष शिळं झालंय. दारूगोळा सर्द होतो, तसं. तीन पाण्यांनी खळखळून धुवायचं, वाळवायचं, की मी दळून देतो. लोकांशी बोललोय मी. सगळ्यांना पटलंय."

"धुऊन रंग जातो. विष जात नाही. ते सालीत मुरलेलं असतं."

"मग उंदीर?"

ती तेव्हाच बोलू शकली असती. तिचे ओठ हललेले मी पाहिले. पण ती "बघू" एवढेच म्हणाली.

त्या दुपारी तिने पुढच्या रांगेतले शंभर दाणे मोजून ओल्या फडक्यावर मांडले, दहाच्या दहा ओळी. बियाणे किती उगवते हे पाहायची ही रीत. मागच्या सहा पोत्यांतलेही शंभर तिने वेगळ्या फडक्यात ठेवले. दोन्ही गुंडाळ्या तिने माझ्यात ठेवल्या आणि वरून ताट झाकले. चार दिवस मी ते दाणे पोटात घेऊन बसले. पहिल्या दिवशी ते फुगले. तिसऱ्या दिवशी पांढरे कोंब टोचू लागले.

त्याच दिवशी तिची वहिनी दारात येऊन उभी राहिली. कडेवर दोन महिन्यांची लेक. लेक रडत नव्हती, आणि तेच वाईट होते.

"वन्सं, एक विचारू? रागावणार नाही ना?"

"विचार."

"उद्या-परवा सगळे गहू धुणार म्हणे. मीही आणू का थोडा? दूध आटलंय माझं. पिठाचं पाणी पिऊन कुठवर येणार?"

"आणू नकोस."

"विष आहे म्हणून?"

कोठीबाईने माझ्यावरचे ताट उगाच नीट केले.

"तुमचे भाऊ जाताना म्हणाले होते, ताई सांगेल तसं वाग. म्हणून विचारायला आले. तुम्ही नको म्हणालात, तर नाही खाणार मी." वहिनीने लेकीचे डोके झाकले. "पण नुसतं नको म्हणू नका. मग काय करू, तेही सांगा."

ती गेल्यावर कोठीबाई बराच वेळ मला मांडीवर घेऊन बसली. तिचे बोट माझ्या काठावरून गोल फिरत राहिले. तिच्या मनात काय चालले होते, ते मला कळत होते. खरे सांगितले तर तीस वर्षांचा धाक एका क्षणात जाईल. ऐंशी उपाशी घरांसमोर खाण्याजोगा गहू उघडा पडेल, आणि राखायला ती एकटी. दोन आठवड्यांत बियाणे संपेल आणि बाबांनी पाहिलेले वर्ष पुन्हा येईल. सांगितले नाही, तर लोक धुऊन खातील. पुढच्या रांगेतले खाल्ले तर काही होणार नाही, आणि धुतले की विष जाते हे कायमचे मनात बसेल. मागच्या रांगेतले खाल्ले तर आधी हातापायांना मुंग्या येतील, मग नजर जाईल. तेही आठवड्यांनी, सगळ्यांचे खाऊन झाल्यावर.

चौथ्या दिवशी तिने फडकी उलगडली. पुढच्या रांगेतले त्र्याण्णव दाणे उगवले होते. मागचेही तेवढेच. तिने दोनदा मोजले. शंभरातले सत्तर उगवतील असे धरून गावाने चाळीस पोती ठेवली होती. त्र्याण्णव उगवत असतील तर तेवढ्याच शेताला तीस पोती पुरतात. म्हणजे दहा पोती मोकळी. माझ्या मापाने अडीचशे पायल्या. घरामागे तीन, आणि वर दहा उरतात त्या अंगावर पाजणाऱ्या आयांना. डोंगरावर गेलेली माणसे परत येईपर्यंत पोट भरणार नव्हते, पण जीव राहणार होता.

हिशेब सरळ होता. तो मोठ्याने म्हणणे मात्र अवघड होते. त्या दिवशीही ती बोलली नाही.

पाचव्या दिवशी सकाळी गाव अंगणात आले. कोणाच्या हातात टोपली, कोणाच्या डोक्यावर घंगाळे. विहिरीपासून दारापर्यंत पाण्याच्या बादल्यांची रांग लागली. आरडाओरडा कोणी केला नाही. उपाशी माणसे फार ओरडत नाहीत. कोठीबाई मला काखेत घेऊन उंबऱ्यात उभी होती.

"बाजूला व्हा बाई," गिरणीवाला म्हणाला. आज त्याच्या आवाजात थट्टा नव्हती. "तुमच्या अंगाला हात लावायची वेळ आणू नका."

ती बाजूला झाली. मला वाटले, संपले.

चार माणसे आत शिरली. पहिल्याने पुढचे पोते ओढले, तेवढ्यात गिरणीवाला ओरडला, "अरे, ते राहू दे! ते नवं दिसतंय, विष ताजं असेल. मागच्या भिंतीची काढा. जुनी तेवढी बरी!"

मित्रांनो, माणूस किती काळजीने चुकू शकतो, ते मी तेव्हा पाहिले. त्यांनी पुढची रांग ओलांडली. मागचे पहिले पोते दोघांनी उचलून अंगणात आणले. सुतळी तोडली. लाल गहू घंगाळ्यात कोसळला आणि पाणी बघता बघता रक्तासारखे झाले. बायका पुढे सरकल्या. त्यांत वहिनीही होती. ती धूत नव्हती. ती नुसती नणंदेकडे पाहत होती.

मित्रांनो, मी लाकूड आहे. मला आवाज नाही. मी भरते आणि रिकामी होते, एवढेच मला येते. तुमच्या घरातल्या प्रत्येक घासामागे कोणीतरी न खाल्लेला एक दाणा आहे, तो जपा. पण तो कशाच्या जोरावर जपता, तेही पाहा. भीतीने राखलेली गोष्ट भीती गेली की राहत नाही. हे मी ओरडून सांगितले असते. मला तोंड आहे, पण ते फक्त भरण्यासाठी.

कोठीबाईने मला दोन्ही हातांनी उचलले आणि दाराच्या चौकटीवर आपटले. माझे लोखंडी कडे असे वाजले, की सगळे हात पाण्यात थांबले.

"ते पाणी फेका," ती म्हणाली. शब्द एकेक वेगळा येत होता. "हात साबणाने धुवा. मागच्या भिंतीची सहाच्या सहा पोती खायची नाहीत, धुऊनसुद्धा नाही. त्यांना खरं विष आहे, ती फक्त पेरायची. पुढच्या चौतीस पोत्यांना विष नाही. कधीच नव्हतं. तो गेरू आहे. आधी बाबांनी लावला, मग मी लावला, तुम्ही बियाणं खाऊ नये म्हणून. मी तुमच्याशी खोटं बोलले. त्यातली दहा पोती आज घरोघरी वाटू, घरामागे तीन पायल्या. बाकीची पेरणीला. कुलपाची किल्ली ही इथं उंबऱ्यावर ठेवते. आता मी गेरू लावणार नाही. राखायचं असेल, तर तुम्ही राखा."