वर काहीच नसलेला जिना

मित्रांनो, मी एक जुना जिना आहे. तुम्ही मला पाहिलं आहे, फक्त ओळखलं नसेल. सिनेमातल्या राजवाड्याचा जिना मी, वकिलाच्या बंगल्याचा मी आणि भुताच्या घरातलाही मीच. पत्ता मात्र जन्मभर एकच, स्टुडिओतला मोठा हॉल. आणि माझ्या वर काहीच नव्हतं! शेवटच्या पायरीपुढे हॉलची भिंत, आणि भिंतीवर रंगाऱ्याने काढलेलं हुबेहूब दार.

मला घडवलं सुतारमामांनी. ते घरं बांधणारे सुतार. सिनेमासाठी जिना हवा, एवढं कानावर पडताच जाडजूड लाकूड घेऊन कामाला लागले. मी उभा राहिलो तेव्हा स्टुडिओच्या मालकांनी कपाळाला हात लावला.

"अहो मामा, खोटा जिना हवा होता! चार दिवस टिकला तरी पुष्कळ!"

"खोटा?" मामा गोंधळले. "पण चढणारी माणसं तर खरीच ना, मालक?"

मालक हसत सुटले आणि मी वाचलो. मला हलवणं कुणाच्याच आवाक्यातलं नव्हतं, म्हणून प्रत्येक सिनेमाला माझ्याभोवतीच नवं घर उभं राही.

तेव्हा चित्रं मुकी होती. हॉलचं छप्पर काचेचं, दिवा म्हणाल तर सूर्य. ढग आला की राजाराणी माझ्या पायऱ्यांवर बसून पत्ते कुटत. आवाज उमटतच नव्हता, त्यामुळे ऐन तलवारबाजीत खलनायक नायकाला विचारी, "काय रे, पोराचा ताप उतरला का?" आणि नायक वार करता करता सांगे, "उतरला बाबा, काल जेवला पोटभर." काय मजेचे दिवस होते ते!

मग सिनेमा बोलू लागला. छप्पर बंद झालं, आवाज घुमू नये म्हणून भिंतींना गाद्या ठोकल्या गेल्या आणि माझं पितळ उघडं पडलं. मी करकरत होतो! आवाज टिपणाऱ्याने कानावरची यंत्रं काढून आपटली. "हा जिना नायिकेपेक्षा जास्त बोलतोय!" मामा माझ्या पोटाखाली शिरले, सांध्यासांध्यात मेण भरलं. तेव्हापासून मी तोंडातून ब्र काढलेला नाही.

पुढे रंग आले. तोवर मी चक्क पोपटी होतो, कारण काळ्यापांढऱ्या चित्रात तो रंग फार झोकदार दिसे. रंगीत चित्रात राजवाड्याला पोपटी जिना कोण ठेवणार? माझ्यावर लाल रंग चढला. मी इतका खूश झालो की विचारू नका.

सुख म्हणतात ते हेच, पण एक गोष्ट मनाला लागून राही. वर चढलेला माणूस खांबाआडच्या हातभर फळीवर श्वास रोखून उभा राही. 'कट' ऐकू आलं की लगेच खाली. एकदा तर नवरीकडचं अख्खं वऱ्हाड त्या फळीवर कोंबलं होतं, आणि नवरीच्या काकांची शिंक काही आवरली नाही! सगळे हसले, मीही हसलो. पण जिन्याच्या जन्माला येऊन मी एकालाही कुठे पोचवलं नव्हतं. याचं मला फार वाईट वाटे.

टीव्हीच्या मालिका आल्या तेव्हा तर एकेक सून सोमवारी वरून निघे ती शुक्रवारी खाली पोचे. मग स्टुडिओ एका मोठ्या कंपनीने घेतला. आता फोनवर बघायच्या कथा बनू लागल्या. हॉलभर हिरवं कापड पसरलं, आणि त्यावर जिने संगणक काढू लागला. माझ्यावर धुळीचे थर बसले. कारभार मात्र अजून जुन्या मालकांच्या नातीकडे, धाकट्या बाईंकडे होता. लहानपणी माझ्या कठड्यावरून घसरून त्यांनी किती फ्रॉक फाडले असतील, देव जाणे. कंपनीचा हुकूम आला, जिना तोडा, जागा मोकळी करा. बाई रोज म्हणत, "उद्या बघू." पण उद्या कधीतरी उजाडणारच होता.

अशात कंपनीने हॉलची दुरुस्ती करायला एक इंजिनियर बाई पाठवली. भिंतीपलीकडच्या वरच्या मजल्यावर संगणकवाल्यांना बसवायचं होतं. हातात टेप घेऊन ती भराभरा मला चढली आणि रंगवलेल्या दाराची मूठ धरायला गेली. बोटं भिंतीवर आपटली!

खाली धाकट्या बाईंची हसून हसून पुरेवाट झाली. "अगं, ते चित्र आहे! हा जिना सिनेमातला."

"अरे देवा!" इंजिनियर बाईलाही हसू फुटलं. "मी फोटो बघून ठरवून टाकलं होतं, इथूनच वर जायचं म्हणून. मग खरा जिना कुठाय?"

"मागे, लोखंडी. पडायला आलाय."

ती एकेका पायरीवर उड्या मारत खाली आली. माझ्या पोटाखाली शिरून ठोकून पाहिलं. माझा जीव टांगणीला लागला होता.

"याला काय धाड भरलीय?" ती म्हणाली. "भिंतच मध्ये आलीय. भिंत फोडू या."

धाकट्या बाईंनी डोळे पुसले. या वेळी त्या 'उद्या' म्हणाल्या नाहीत.

भिंत फुटली, दार बसलं, कठडे मजबूत झाले. पहिल्या दिवशी एक मुलगी पाठीला पिशवी आणि हातात चहाचा कप घेऊन आली. तिचं काम काय, तर संगणकावर जिने काढायचं! ती मला चढली, दार उघडलं, आत गेली, दार लागलं. सवयीने मी कानोसा घेतला. आता कुणीतरी 'कट' म्हणेल. कुणीच म्हणालं नाही. मित्रांनो, तेव्हा मला रडू कोसळलं असतं, पण करकरायचं मी कधीच सोडलं होतं.

घरातली जुनी वस्तू पुसूनबिसून शोभेला मांडा, असं मी सांगणार नाही. आधी तिच्यावर पाय रोवून पाहा, तिला काम विचारा. निम्म्या म्हाताऱ्यांचं दुखणं कामाने बरं होतं.

आता जरा बाजूला व्हा बघू. संध्याकाळ झाली आहे. माणसं खाली यायला निघाली आहेत, आणि ती खरोखरच वरून येणार आहेत.