माळेतला राणीछाप

मी रुपया आहे, पण खोटा. हे आधीच सांगून टाकतो, कारण माणसं माझं काही ऐकून घेण्याआधीच मला दगडावर आपटून बघतात. आज तेवढं करू नका. माझा आवाज बद्द आहे हे मलाही ठाऊक आहे. पण मला जे माहीत आहे ते दुसऱ्या कुणालाच माहीत नाही, आणि त्यापायी एका बाईच्या माथी चोरीचा आळ आलाय.

माझ्या एका अंगाला व्हिक्टोरिया राणीचं तोंड आहे. अशा रुपयाला आमच्या खानदेशात राणीछाप म्हणतात. खरे राणीछाप सरकारी टांकसाळीत पडले. मी धुळ्याला सुकदेवच्या मुशीतून निघालो.

सुकदेव देव्हाऱ्यातले टाक ओतायचा. चांदीच्या बोटभर देवावरही तो डोळे, नाक, हातातलं शस्त्र असं नीट उठवायचा. मग पहिलं महायुद्ध पेटलं. चांदी महागली, टाक करून घ्यायला कुणी येईना. त्यातच इंग्रज सरकारनं एक रुपयाची कागदी नोट काढली. बाजारातल्या बाया ती हातात धरेनात. कागद भिजतो, जळतो, उंदीर खातो. त्यांना चांदीचाच रुपया हवा, आणि चांदीचे रुपये तर लोकांनी मडक्यात पुरून ठेवलेले. बन्सीलाल नावाच्या कापसाच्या व्यापाऱ्यानं हे बरोबर हेरलं.

"देव ओततोस, मग राणी ओतायला काय झालं?" तो सुकदेवला म्हणाला.

सुकदेवच्या घरात चूल थंड होती. शेवटी त्यानं एक झिजलेला रुपया मागून घेतला. झिजलेला अशासाठी, की साच्यात राहिलेली चूक झिजेत लपते. तांबं भरपूर आणि चांदी नावाला, अशी माझी घडण. ओतल्यावर त्यानं मला चिंचेच्या पाण्यात उकळलं. माझी कातडी पांढरी झाली, आत मी तांबडाच राहिलो. टाक ओतताना सुकदेव देवाचं नाव घ्यायचा. माझ्या वेळी त्यानं कुणाचंच नाव घेतलं नाही.

पुढे पोलिसांनी त्याची भट्टी खणून काढली. कोर्टात त्यानं बन्सीलालचं नाव सांगितलं. साहेबानं पुरावा मागितला. टाक ओतणाऱ्याकडे कसला पुरावा असणार? सुकदेव तुरुंगातच वारला, आणि बन्सीलाल युद्धाला वर्गणी देऊन रावसाहेब झाला. मी तेव्हापासून चिडलेला आहे, तो आजतागायत.

पण भट्टी सापडण्याआधीच मी बाजारात सुटलो होतो. बन्सीलालच्या माणसानं नशिराबादच्या बाजारात भरताची वांगी घेतली आणि मला झुंबरबाईच्या हातावर ठेवलं. झुंबरबाई वांगी विकायची. तिचं माहेर धुळ्याकडचं, बोलणं तिकडचंच. तिनं मला लुगड्याच्या टोकाला बांधलं आणि लेकीसाठी खण घ्यायला कापडवाल्याकडे गेली. त्यानं मला दगडावर टाकलं. खरा रुपया खणकन वाजतो. मी थप्पकन पडलो.

"खोटा रुपया! खोटा रुपया!" कापडवाला ओरडला. गर्दी जमली. हवालदार आला.

"कुठून आणलास? तुझा नवरा पाडतो का घरी?"

"माले वांगावाला गिऱ्हाईकनी दिन्हा, साहेब. आत्तेच गया तो."

गिऱ्हाईक केव्हाच निघून गेलं होतं. हवालदारानं तिला भर बाजारात उन्हात बसवलं. येणारा जाणारा बघत होता. मी तिच्यासमोर मातीत पडलेलो आणि मला एक शब्द बोलता येईना. बाजार उठताना हवालदारानं तिच्या पदराचे खरे पैसे काढून घेतले आणि मला तिच्याकडे भिरकावून दिलं. चौकशी तिथेच मिटली.

घरी नवरा म्हणाला, "दिवेलागणीले दुकानात गर्दी ऱ्हास. तव्हय चलाडी दे."

असंच करत सगळे. खोटा रुपया हातात आला, की अंधार पडायची वाट बघायची आणि पुढच्याच्या गळ्यात मारायचा. झुंबरबाई मात्र नाही म्हणाली.

"माले फसाडं, तशी मी दुसरीले फसाडू? ती बी उनमा बशी. हाऊ रुपया मनाकडेच ऱ्हाई."

तिनं मला कडी लावून घेतली आणि माहेरच्या राणीछाप रुपयांच्या माळेत ओवून टाकलं. खऱ्यांच्या रांगेत मी पहिल्यांदा आलो तो असा. मला कुणी मान दिला नव्हता. मला डांबून ठेवलं होतं. पण खरं सांगू? त्या डांबण्यात मला जेवढं बरं वाटलं, तेवढं कुठंच वाटलं नाही.

ही गोष्ट तिनं फक्त सुनेला सांगितली. सून पटकीच्या साथीत गेली, आणि तिच्याबरोबर गोष्टही गेली. पुढे दुसरं महायुद्ध आलं. सरकारनं स्वतःच रुपयातली चांदी काढून निम्म्यावर आणली. आकार तोच, राजाचं तोंड तेच, चांदी अर्धी. त्या रुपयाला खोटा म्हणायची कुणाची छाती झाली नाही. मी माळेत लटकून मनातल्या मनात धुमसत राहिलो. सुकदेवनं चांदी कमी घातली तर तुरुंग, आणि राजानं घातली तर कायदा!

घर पुढे फैजपूरला गेलं. केळीच्या बागा झाल्या. माळ झुंबरबाईच्या नातसुनेकडे, शेवंताबाईकडे आली. ती सणावाराला आम्हाला गळ्यात घालायची, एरवी आम्ही कपाटात. म्हातारपणी ती अंथरुणाला खिळली, तेव्हा सून मोहिनीनं तिचं सगळं केलं. भरवणं, न्हाऊ घालणं, कूस बदलणं. कपाटाची किल्लीही मोहिनीच्याच कमरेला असायची. तीच किल्ली पुढे तिच्या जिवाला लागली.

शेवंताबाई गेल्या वर्षी गेली. माळ लेक आणि सून दोघींत वाटून घ्यावी असं ठरलं. लेक सारिका धुळ्याला दिलेली, मोहिनीचा नवरा जितेंद्र याची थोरली बहीण. तिघं मिळून जळगावला सराफाकडे गेली. सराफानं माळ सोडवली, एकेकाला कसोटीवर घासलं. माझी पाळी आली. कडेला कानस फिरली आणि आतला तांबडा रंग उघडा पडला.

"ही चांदी नाही, बरं का," सराफ म्हणाला. "हा खोटा निघाला."

मग सारिका हळूच म्हणाली, "मोहिनी, कपाटाची किल्ली तुझ्याजवळच असायची ना?"

"हो. का, ताई?"

"काही नाही. आईच्या माळेत खोटा रुपया कसा येईल, एवढंच म्हणते."

मोहिनीचा चेहरा पांढरा पडला. तिनं नवऱ्याकडे बघितलं. जितेंद्र मोबाइलमध्ये बघत होता. फोन काही वाजला नव्हता. मी त्या काचेवर पडून किंचाळत होतो. अरे, मी त्या माळेत तुमच्या वडिलांच्याही जन्माआधीपासून आहे! तुमच्या पणजीला विचारा! पण धातूची किंचाळी कोण ऐकतो?

घरी आल्यावर जितेंद्र म्हणाला, "कशाला वाढवतेस? मी बाजारातून एक खरा राणीछाप आणतो. ताईला देऊ. विषय संपला."

"तुम्ही आणलात, की मी चोर ठरले," मोहिनी म्हणाली. "आईंना मी हातानं भरवलं. त्यांच्या गळ्यातलं मी बदलीन?"

"मी कुठं तसं म्हणतोय?"

"म्हणत नाही तुम्ही. नाही असंही म्हणत नाही."

दुसऱ्या दिवशी तिनं मला रुमालात बांधलं आणि धुळ्याची एसटी धरली. तिथे किरण नावाचा एक जण जुनी नाणी गोळा करतो, असं तिला कुणीतरी सांगितलं होतं. त्यानं मला भिंगाखाली धरलं. अंगावरचे ओतीव खड्डे दाखवले, कडेवरच्या कानशीच्या जुन्या खुणा दाखवल्या.

"ताई, हा आजकालचा नाही. इंग्रजांच्या काळातला खोटा रुपया आहे. आणि ही कडी बघा, दोऱ्यानं किती घासलीय. हा माळेत पिढ्यान् पिढ्या असणार."

मोहिनीच्या डोळ्यांना पाणी आलं. तिनं तिथूनच सारिकाला फोन लावला. मला वाटलं, सुटलो एकदाचे, तीही आणि मीही.

सारिकानं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे आमच्या आईनं, आजीनं खोटा रुपया गळ्यात घातला म्हणतेस? आमचं घर खोटारडं होतं का?"

"ताई, मी तसं कधी म्हटलं?"

"मग काय म्हणतेस? तू चोर नाहीस म्हणजे आम्ही चोर, असंच ना?" आणि फोन कट झाला.

मी तेव्हा जेवढा हतबल झालो, तेवढा हवालदाराच्या पायाशीही झालो नव्हतो. पुरावा नव्हता तेव्हा सुकदेव गेला. आता पुरावा होता, तर तोच कुणाला नको होता. घर खरं ठेवायचं म्हणून सुनेला खोटं ठरवायचं, हे गणित त्यांनी मांडून ठेवलं होतं, आणि त्यात माझ्या साक्षीला जागाच नव्हती.

वाटणी झाली. मोहिनीनं आपला वाटा सोडला नाही. मला मात्र तिनं मागून घेतलं आणि खऱ्या रुपयांबरोबर स्वतःच्या वाट्यात धरलं. बाकीचे तिनं कपाटात ठेवले. मला काळ्या दोऱ्यात ओवून गळ्यात घातलं. केळीच्या बागेत जाते, बँकेत जाते, हळदीकुंकवाला जाते, मी तिच्या गळ्यात. बायका विचारतात, "हा खरा का ग?" ती सरळ सांगते, "खोटा आहे. आमच्या सासूबाईंच्या माळेतला. पहिल्यापासूनच खोटा."

आज धुळ्याला सारिकाच्या मुलीचा साखरपुडा आहे. मोहिनी मला घालूनच आली. कुंकू लावायला सारिका समोर आली, तिची नजर माझ्यावर गेली आणि हात अडला.

"आज तरी काढून यायचं होतंस, मोहिनी. पाहुणे काय म्हणतील?"

"काढते की, ताई. मी रुपया बदलला नाही, एवढं एकदा तुमच्या तोंडानं म्हणा. लगेच काढते."

जितेंद्र शेजारीच उभा होता. या वेळी त्याच्या हातात मोबाइल नव्हता. तो घसा खाकरून म्हणाला, "ताई, म्हण ना. खरंच तर आहे ते."

सारिकानं भावाकडे बघितलं, मग पाहुण्यांकडे. तिचे ओठ हलल्यासारखे वाटले. तेवढ्यात आतून कुणीतरी हाक मारली. तिनं मोहिनीच्या कपाळाला घाईघाईनं कुंकू टेकवलं आणि ती आत निघून गेली.

सारिकाताई, तुमचं काम आवरलं असेल आता. मी अजून मोहिनीच्या गळ्यातच आहे. मला वितळवा, फेकून द्या, माझी काही तक्रार नाही. पण त्याआधी बाहेर या, आणि ते एक वाक्य बोलून टाका.