दुमडीतला किरमिजी रंग

मित्रांनो, आज मी तुम्हाला काळा दिसत असलो तरी जन्माने मी किरमिजी. मी एक जुना झगा आहे. अमेरिकेतल्या डाकोटाच्या गवताळ मैदानात स्टोरडाल नावाचे छोटे गाव आहे. तिथल्या चर्चच्या गायनवृंदासाठी आर्डिसमावशींनी आम्हा सगळ्या भावंडांना एकाच ताग्यातून शिवले. मला घालायची ती मावशींची भाची मारित. तिचा आवाज जाडसर होता आणि गाण्याची शेवटची ओळ ती उगाच लांबवायची. मग वृंदापुढे उभ्या असलेल्या मावशी चटकन मूठ मिटून तिला थांबवत. दर रविवारी हेच चालायचे.

मारित शिकली, वकील झाली, मग न्यायाधीश झाली आणि एके दिवशी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयावर नेमली गेली. तिच्यासाठी मागवलेला झगा आला तो एखाद्या धिप्पाड पुरुषाच्या मापाचा. शपथ तर तोंडावर आलेली. मावशींनी मला खुंटीवरून काढले आणि चर्चच्या कॉफीच्या मोठ्या पातेल्यात काळा रंग घालून सरळ उकळले. पातेले नंतर घासले, असे त्या अजून सांगतात. त्या रविवारी पाद्रीबुवा एक घोट घेऊन म्हणाले, "आर्डिसबाई, आज पहिल्यांदा कॉफी कॉफीसारखी लागतेय."

"प्या मुकाट्यानं," मावशी म्हणाल्या.

अशा रीतीने मी न्यायालयात गेलो. आमच्याकडे पाच न्यायाधीश. मारित विचारात पडली की माझ्या बाहीची कड चिमटीत धरून बसे. किती माणसांची गाऱ्हाणी मी ऐकली! माझा मान मोठा होता, पण मला ओढ नाताळाची असे. कारण मारित मला घेऊन गावी जायची. स्वयंपाकघरात बटाट्याच्या पातळ पोळ्या भाजल्या जायच्या आणि मावशी सुईदोरा घेऊन बसायच्या.

"न्याय करतेस की कुस्ती खेळतेस? ही बाही बघ."

"वकील ओढतात गं, मावशी."

"मग त्यांनाच शिवायला सांग."

आणि एक वर्ष वाईट उजाडले. स्टोरडालचा जुना हॉल जळाला. गावातली लग्ने, नाच, मयतानंतरची जेवणे, सगळे तिथेच व्हायचे. मावशींचा नवरा त्यांना पहिल्यांदा भेटला तोही तिथल्याच नाचात. आग लावल्याच्या संशयावरून पोलिसांनी लायल नावाच्या तरुणाला पकडले. तो म्हणाला, मला वकील द्या. वकील कुणी दिला नाही. तो 'हो, मीच जाळला' म्हणेपर्यंत प्रश्न मात्र चालू राहिले. त्याला शिक्षा झाली आणि ते प्रकरण आमच्यापुढे आले.

त्या नाताळात मावशी शिवता शिवता म्हणाल्या, "त्यानं काय जाळलंय, ते तुला ठाऊक आहे ना?"

"मावशी, त्याबद्दल मला बोलता येत नाही."

दोघे न्यायाधीश एका बाजूला झाले, दोघे दुसऱ्या. उरली मारित. येत्या वर्षी तिला पदावर ठेवायचे की नाही, यावर राज्यभर मतदान व्हायचे होते. निकाल मतदानानंतर द्या, असे तिला सुचवणारेही भेटले. तिने बाही सोडली आणि लिहायला बसली. माणसाने वकील मागितला की प्रश्न थांबलेच पाहिजेत. खटला पुन्हा चालवा. निकाल मतदानाआधीच लागला.

राज्याने मारितला ठेवले. स्टोरडालने मात्र जवळजवळ एकमुखाने 'नको' म्हटले. पुढच्या नाताळात मावशींनी मला उलगडूनही पाहिले नाही. टेबलावरून परत सरकवत म्हणाल्या, "राजधानीत शिंपी असतील की."

शिंपी पुष्कळ होते. मारित एकाकडेही गेली नाही. काखेत उसवलेल्या शिवणीला तिने सेफ्टी पिन लावली आणि त्या पिनेवर आम्ही दोघांनी पुढची सगळी वर्षे काढली. मला ती टोचायची. तिलाही टोचत असणार. नाताळात आता ती राजधानीतच थांबायची.

मारित निवृत्त झाली तेव्हा मला काचेच्या कपाटात ठेवायचे ठरत होते. ती म्हणाली, "तो माझा नाही. मागून आणलाय, परत करायला हवा." आणि मला अंगात घालूनच ती चर्चच्या दारात जाऊन उभी राहिली. आत सराव चालला होता. म्हाताऱ्या मावशींनी हात खाली घेतले. गाणे थांबले.

मावशी जवळ आल्या. आधी त्यांनी पिनेकडे पाहिले.

"शिंपी नाही मिळाला?"

"शोधलाच नाही."

"गेल्या हिवाळ्यात आमच्या कोलला धरून नेलं होतं," मावशी म्हणाल्या. कोल म्हणजे त्यांचा नातू. "तळ्यावरच्या मासेमारीच्या खोपटातली कुणाची तरी यंत्रं चोरीला गेली म्हणून. पोरगं घाबरलं, म्हणालं वकील द्या. पोलीस तिथंच थांबले, मारित. पुढं एक शब्द विचारला नाही."

मारितने माझ्या बाहीची कड चिमटीत धरली.

"मला पुढचं बोलायला जमत नाही," मावशी म्हणाल्या. "काढ तो झगा. बघवत नाही ती पिन."

त्यांनी काख शिवली. वयामुळे मारितची उंची कमी झाली होती, म्हणून नव्याने दुमडायला खालची किनार उसवली. आतले कापड पहिल्या दिवसासारखेच किरमिजी निघाले. मावशी त्यावरून बोट फिरवत राहिल्या. "इथं रंग पोचलाच नव्हता," एवढेच म्हणाल्या.

मित्रांनो, माझे एवढेच मागणे आहे. उसवलेले पिनेवर ढकलू नका. आणि शिवणारे माणूस रुसले असेल, तर कपडा घेऊन त्याच्या दारी जा.

आता मी दर रविवारी मागच्या रांगेत असतो. माझी भावंडे विटून गुलाबी झाली आहेत, त्यांच्यात मी एकटाच काळा. परत आल्यावरच्या पहिल्याच रविवारी मारितने शेवटची ओळ लांबवली. मावशींचा हात वर होता. त्यांनी मूठ मिटली नाही. मारितचा श्वास संपेपर्यंत तो हात तसाच उघडा राहिला.